घड्याळाचं ऑपरेशन आणि आजीचा प्रश्न : मुक्या छोट्या कॉमेड्यांमधला येडेपणा

रिळातला_उंदीर (धागाकर्ता)

गणपतीत कराडला सगळे जमलो होतो, आरती झाली, मोदक झाले, दुपारी सगळे आडवे पडलेले आणि टीव्हीवर काय लावायचं यावरून नेहमीची मारामारी. मी म्हटलं थांबा जरा, आणि चॅप्लिनची 'द पॉनशॉप' लावली. १९१६ची, पंचवीसेक मिनिटांची. पोरं खिदळायला लागली आणि मग आला तो घड्याळाचा सीन.

ज्यांनी बघितला नाही त्यांच्यासाठी सांगतो. चार्ली गहाणवटीच्या दुकानात नोकर. एक माणूस गजराचं घड्याळ घेऊन येतो, गहाण ठेवायला. चार्ली आधी स्टेथोस्कोप लावून घड्याळाची छाती तपासतो, डॉक्टर बोटांनी टकटक करतात तसं करतो. मग हातोडी, मग ड्रिल, मग चक्क डबा उघडायची चावी घेऊन घड्याळाचं झाकण कापून काढतो. उघडल्यावर वास घेतो आणि नाक मुरडतो, मासळी नासल्यासारखं. आतली स्प्रिंग ओढून काढतो आणि कापडवाल्यासारखी मापतो. सगळे चाकं-स्क्रू काउंटरवर ओततो तर ते वळवळायला लागतात, मग त्यांच्यावर तेल सोडून त्यांना गप्प करतो. आणि शेवटी सगळा चुरा त्या माणसाच्या हॅटमध्ये भरून परत देतो आणि मान हलवतो, म्हणजे सॉरी, पेशंट गेला.

सगळे लोळत होते हसून. आजी सोडून.

आजी ८४ वर्षांची. आजोबांचं घड्याळ दुरुस्तीचं दुकान होतं, दुकान कसलं, खोकंच, चाळीस वर्षं डोळ्याला भिंग लावून बसले. आजी म्हणाली, "अरे धडधाकट घड्याळ होतं की त्या बिचाऱ्याचं." मी म्हटलं आजी विनोद आहे. "त्या नोकराला काही मिळालं का त्यात?" नाही म्हटलं. "मग केलं कशाला? आणि तो मेला बघत का उभा राहिला?"

आणि मी गप्प. कारण तिने नेमकं बोट ठेवलं. चार्ली जे करतो ते एकवेळ सोडा. तो गिऱ्हाईक (आल्बर्ट ऑस्टिन नावाचा नट, चॅप्लिनच्या टोळीतला) काहीच का बोलत नाही? पहिल्या हातोडीलाच त्याने गचांडी धरली असती तर नेहमीची हाणामारी झाली असती, त्या काळात रग्गड असायची तसली. पण तो आयसीयूबाहेरच्या नातेवाईकासारखा चेहरा करून उभा, कारण समोरचा माणूस इतका आत्मविश्वासाने काम करतोय म्हणजे त्याला कळत असणार. प्रत्येक हत्यार बरोबर पद्धतीने वापरलंय, फक्त घड्याळाचं एकही नाही.

तर धागा यासाठी. मुक्या जमान्यातल्या छोट्या कॉमेड्या, एक-दोन रिळांच्या (एक रीळ म्हणजे साधारण दहा-बारा मिनिटं), ज्यात असा अतर्क्य, अॅब्सर्ड येडेपणा आहे. मोठे सिनेमे नकोत, त्यावर ढीगभर धागे आहेत. तुम्ही काय काय पाहिलंय ते टाका.

---

मनीमाऊ

आजी रॉक्स!! वाचतेय.

---

दोन_रिळं_पुरे

मस्त धागा. पण चॅप्लिनपासून कशाला सुरुवात, सोळा वर्षं मागे चला.

सन १९००, इंग्लंड, सेसिल हेपवर्थ नावाचा माणूस. फिल्म एक-दीड मिनिटाची. रस्त्यावरून मोटार येते, त्यात हसरी मंडळी, आणि धाडकन स्फोट. धूर. मोटार गायब, माणसं गायब. एक पोलीस धावत येतो, दुर्बीण काढून आकाशात बघतो, आणि थोड्या वेळाने वरून हात, पाय, धड असे पाऊस पडल्यासारखे पडायला लागतात. आता पोलीस काय करेल? तो ते नीट लावायला घेतो, कुठला तुकडा कोणाचा ते बघतो आणि वहीत नोंद करतो!! संपली फिल्म.

त्याच हेपवर्थची त्याच वर्षीची दुसरी, मोटार सरळ कॅमेऱ्यावर येते, म्हणजे तुमच्या अंगावर, मग काळा पडदा, चांदण्या, आणि अक्षरं उमटतात ज्याचा अर्थ साधारण 'अरे वा, आईला आनंद होईल' असा. का होईल? कोणाची आई? काही नाही, एवढंच.

आणि १९०१ची जेम्स विल्यमसनची 'द बिग स्वॅलो'. एका गृहस्थाला फोटो काढून घ्यायचा नाहीये. तो चिडून बोलत बोलत कॅमेऱ्याकडे येतो, येतो, येतो, पडदाभर नुसतं तोंड, तोंड उघडतं आणि कॅमेरा आणि कॅमेरावाला दोघांना गिळतो. मग मिटक्या मारत मागे जातो. आता मला सांगा, कॅमेरा गिळला तर हे शूट कोण करतंय? सव्वाशे वर्षं झाली, उत्तर नाही.

---

तिरसट_काका

लेख ठीक. पण 'अॅब्सर्ड' वगैरे जड शब्द कशाला चिकटवताय? या जत्रेतल्या करामती होत्या. कॅमेरा थांबवला, माणसाच्या जागी बाहुला ठेवला, परत चालू केला, झालं. प्रेक्षक ट्रिक बघून हसले. तुम्ही शंभर वर्षांनी त्यात तत्त्वज्ञान शोधताय. पॅरिसात बसून कॉफी पीत 'जगणं निरर्थक' म्हणणारी मंडळी पुढे चाळीस-पन्नास वर्षांनी आली. आमच्या लहानपणी गल्लीत कोणी शेणावर घसरून पडलं की लोक हसायचे, त्याला आम्ही शेणच म्हणायचो.

---

रिळातला_उंदीर

काका, शेणावर घसरणं वेगळं आणि हे वेगळं असंच तर म्हणणं आहे. घसरला तर निसर्गनियमाने घसरला. पण आकाशातून तंगडी पडल्यावर पोलिसाने वही काढणं यात ट्रिक कुठे आहे? ट्रिक तंगडीपाशी संपली. हसू वहीला येतं.

तत्त्वज्ञान नाही म्हणत मी. एक चुकीचं गृहीतक धरायचं आणि तिथून पुढे शंभर टक्के शहाण्यासारखं वागायचं, एवढंच त्या मंडळींना जमलं होतं. मेलिएस या फ्रेंच दिग्दर्शकाची १८९८ची एक आहे, तो स्वतःचं डोकं उचलून टेबलावर ठेवतो, नवीन उगवतं, तेही ठेवतो, मग तिसरं. आणि बॅन्जो घेऊन गायला बसतो तर टेबलावरची डोकी इतका कोकलाट करतात की तो वैतागून बॅन्जोने त्यातली दोन हाणतो. स्वतःच्या डोक्यांच्या आवाजाचा त्रास होणं, हे ट्रिकच्या पुढचं आहे की नाही सांगा.

---

पन्हाळ्याची_पोर

+१ उंदीर. 'वही' एकदम पटलं.

फ्रेंच लोकांचा उल्लेख आलाच पाहिजे. माझी सगळ्यात लाडकी म्हणजे गोमाँ कंपनीची १९१२ची 'ओनेझिम घड्याळजी' (मूळ फ्रेंच नाव 'ओनेझिम ऑर्लोजे'). दिग्दर्शक झाँ द्युराँ. गोष्ट अशी की ओनेझिमला काकाची इस्टेट मिळणार आहे पण वीस वर्षांनी. आता वीस वर्षं कोण थांबणार? तो जाऊन पॅरिसच्या मुख्य घड्याळातच गडबड करतो, ज्याच्यावर बाकीची सगळी घड्याळं चालतात. घड्याळं पळायला लागतात. आणि घड्याळ पळतंय म्हटल्यावर वेळही पळायला लागते, कारण सरकारी घड्याळ चूक कसं असेल! रस्त्यात लोक तुरुतुरु पळतायत, लग्न लागतंय, पोर होतंय, पोर बघता बघता बाप्या होतंय.

तांत्रिक बाजूने काहीच नाही यात, कॅमेऱ्याचं हँडल हळू फिरवलं की पडद्यावर माणसं भराभर पळतात, एवढंच. पण ती साधी गोष्ट घेऊन त्याने एक अख्खा सरकारी तर्क उभा केला.

आणि अॅलिस गीला विसरू नका, बाई दिग्दर्शक, त्या काळात! १९०६ची तिची गादीची फिल्म. गादी शिवायला बाहेर काढलेली, बाई जरा बाजूला जाते, एक दारुडा आत शिरून झोपतो, बाई परत येऊन गादी शिवून टाकते. मग ती गादी रस्ताभर कोलांट्या मारत चाललीय आणि बाई तिला कशीबशी आवरत घरी नेतेय. गादी उघडून बघावी हे काही तिच्या डोक्यात येत नाही, गादी आहे ना, न्यायचीय ना घरी, झालं.

---

म्युनिकवासी_मराठा

इटलीत बोलोन्याला दर उन्हाळ्यात जुन्या सिनेमांचा महोत्सव असतो, दोन वर्षांपूर्वी गेलो होतो. तिथे पियानोसोबत आंद्रे डीडची १९०९ची 'क्रेतिनेत्ती' मालिकेतली एक पाहिली. हा क्रेतिनेत्ती नटून थटून बाहेर पडतो आणि तो इतका देखणा की बायका मागे लागतात, ही झुंबड, आणि शेवटी त्याला पकडून अक्षरशः फाडतात. हात एकीकडे पाय एकीकडे. बायका 'हँ!' करून निघून जातात. मग ते तुकडे आपापले सरकत येऊन जोडले जातात आणि साहेब उठून चालायला लागतात. बाजूला एक इटालियन आजोबा बसलेले, ते हसून हसून खोकायला लागले, मी पाणी दिलं.

अवांतर: गोमाँचीच साधारण १९०८ची भोपळ्यांची शर्यत पण बघा. गाडीतून भोपळे घरंगळतात आणि लोक मागे पळतात. भोपळे चढावर पण घरंगळतात. गाढव पण पाठलागात सामील, त्याला भोकातून काय खेचतात, छपरावर काय चढवतात. शेवटी फिल्म उलटी फिरवून सगळे भोपळे उड्या मारत गाडीत परत.

---

चहाबाज

भोपळ्यांवरून आठवलं, चल रे भोपळ्या टुणुक टुणुक. आपल्याकडे म्हातारी आत बसून गेली, त्यांच्याकडे नुसताच भोपळा. ;)

---

दोन_रिळं_पुरे

उलट फिरवण्यावरून एक आपल्या मुंबईचं. ७ जुलै १८९६ला वॉटसन हॉटेलात (काळा घोड्याजवळची ती इमारत, आता एस्प्लनेड मॅन्शन) ल्युमिएर बंधूंच्या (सिनेमाची सुरुवात करणारे ते फ्रेंच भाऊ) सहा फिल्मा दाखवल्या, त्यात एक होती भिंत पाडण्याची. ल्युमिएरची माणसं ही फिल्म उलटी फिरवूनही दाखवायची, म्हणजे धुरळ्यातून भिंत उठून उभी राहते. कॉमेडी म्हणून काढलेली नव्हती, पण उलटं फिरवल्याक्षणी झाली.

---

सांगलीकर_बंड्या

कीटन कुठंय?? इतके प्रतिसाद झाले आणि मुक्या कॉमेडीचा बादशहा बस्टर कीटन नाही, धाग्याला अर्थ नाही राव.

'वन वीक', १९२०. मी ती पहिल्यांदा कधी पाहिली सांगतो. ऑनलाइन एक पुस्तकाचं कपाट मागवलं होतं, घरी जोडायचं वालं. कंपनीचं नाव घेत नाही. डाव्या फळीवर उजवीचा नंबर, स्क्रू सतरा आणि भोकं एकोणीस. कस्टमर केअरची बाई म्हणाली सर तुम्ही मॅन्युअल परत वाचा. रात्री अकरा वाजता ते वाकडं कपाट उभं राहिलं, त्याचा एक दरवाजा भिंतीकडे उघडत होता. बायको म्हणाली ठीक आहे, भिंतीची पुस्तकं त्यात ठेवू. मग वैतागून मोबाईल काढला आणि समोर ही फिल्म आली.

नवं लग्न झालेलं जोडपं. आहेर काय, तर प्लॉट आणि खोक्यांमधून आलेलं जोडायचं घर. बाईने ज्याला नाकारलं तो जळका माणूस येऊन खोक्यांवरचे नंबर बदलतो. आणि बस्टर सूचनांप्रमाणे घर बांधतो. एकही चूक करत नाही. घर उभं राहतं, मुख्य दरवाजा वरच्या मजल्यावर हवेत उघडतो, स्वैपाकघरातलं सिंक बाहेरच्या भिंतीवर. आणि त्याचा चेहरा! काही नाही. ना राग ना रडू. असंच असतं घर, राहू.

मग पियानो येतो तो दोरीने दिव्याला बांधून ओढतात तर छतच खाली येतं. गालिचा घालतो तर कोट खाली अडकतो, म्हणून गालिच्याला भोक पाडून कोट काढतो, आणि भोकावर छोटा गालिचा घालतो. हे मी स्वतः केलेलं आहे (गालिचा नाही, मॅट).

मग शुक्रवार १३ तारीख, घरभरणीची पार्टी, वादळ, आणि अख्खं घर चक्रीसारखं फिरायला लागतं, पाहुणे दारा-खिडक्यातून बाहेर फेकले जातायत. हे मॉडेल नाही हां, खरंच घर फिरत्या तबकडीवर बांधलं होतं. आणि सगळं झाल्यावर कळतं काय तर प्लॉटच चुकला. पाटी उलटी लागलेली, ६६चा ९९ झालेला, म्हणजे आता घर ओढत रेल्वेलाईनच्या पलीकडे न्या.

घर रुळावर अडकतं. गाडी येतेय. ढकलून ढकलून हलत नाही, दोघं डोळे मिटतात, आणि गाडी शेजारच्या रुळावरून जाते. हुश्श. तुम्ही पण हुश्श करता. तेवढ्यात दुसऱ्या बाजूने दुसरी गाडी येऊन घराचा भुगा करते. बस्टर 'विकणे आहे' ची पाटी लावतो, दोन पावलं जातो, परत येतो, आणि पाटीला सूचनांचा कागद जोडतो.

मी अंधारात त्या कपाटाकडे बघत एकटा हसत होतो, बायको उठून आली काय झालं म्हणून.

---

मनीमाऊ

भिंतीची पुस्तकं :D :D वहिनींना दंडवत.

---

पन्हाळ्याची_पोर

बंड्या, त्यातलाच बाथटबचा सीन राहिला! बायको (सिबिल सीली) आंघोळ करतेय, साबण टबाबाहेर पडतो, ती वाकणार, मग कॅमेऱ्याकडे बघते, आणि कोणाचा तरी हात येऊन कॅमेऱ्याची काच झाकतो. साबण उचलून झाला की हात जातो. १९२०मध्ये! कोणाचा हात? परत तेच, कॅमेरा गिळला तर शूट कोण करतंय.

---

आडगावचा_शहाणा

'द बोट' (१९२१) पण घ्या. तळघरात बोट बांधली, दारातून मावत नाही, दार मोठं केलं, बोट ओढली तर घर कोसळलं. तरी बायकापोरांना घेऊन हा निघाला. बोट पाण्यात सोडतात ती घरंगळत घरंगळत सरळ पाण्याखाली, हा टोकावर ताठ उभा, टोपीपर्यंत पाणी येईस्तोवर हलत नाही. बायकोच्या हातची धिरडी इतकी चामट की एक बोटीच्या भोकाला ठिगळ म्हणून लावतो आणि पाणी थांबतं.

बोटीचं नाव 'डॅम्फिनो', म्हणजे भरभर म्हटलं तर 'मला काय ठाऊक'. वादळात वायरलेसवरून मदत मागतो. तिकडचा विचारतो, कोण बोलतंय? हा म्हणतो डॅम्फिनो. तो म्हणतो मलापण नाही ठाऊक, आणि बंद करतो. मुक्या फिल्ममध्ये शाब्दिक कोटीवर चार जीव बुडतायत, याला म्हणतात हिंमत.

---

तिरसट_काका

हे बघा, कीटन मला मान्य. त्याचं कारण तुम्ही म्हणता ते नाही. तो लहानपणापासून आईबापाबरोबर स्टेजवर होता, बाप त्याला उचलून प्रेक्षकांत फेकायचा, फेकायला सोयीचं म्हणून कपड्यांना पाठीवर बॅगेची मूठ शिवलेली. आणि त्याच्या लक्षात आलं की आपण हसलो तर लोक हसत नाहीत, चेहरा दगडासारखा ठेवला तर जास्त हसतात. म्हणजे धंद्याचं गणित. तत्त्वज्ञान नाही.

---

रिळातला_उंदीर

काका, तुम्ही माझीच बाजू मांडताय आणि तिरसट सुरात मांडताय. :) धंद्याच्या गणितानेच ते तिथे पोचले, मी कुठे नाही म्हटलं.

---

कोकणकडा_७७

आमच्या घरी जाड्या-रड्या म्हणजे लॉरेल-हार्डीच. त्यांची 'बॅटल ऑफ द सेंच्युरी' (१९२७), त्यात ३००० पाय वापरले होते असं सांगतात.

---

चहाबाज

३००० पाय??? गोम होती का?

---

कोकणकडा_७७

अरे बाबा खायचे पाय (इंग्रजीतले pie), क्रीमचे. एकमेकांच्या तोंडावर मारायचे. अख्खी गल्ली मारामारीत. याचं बरंच फुटेज कित्येक दशकं हरवलं होतं, २०१५मध्ये दुसरं रीळ एका संग्राहकाच्या साठ्यात सापडलं.

---

मनीमाऊ

"खायचे पाय" आता अजून वाईट वाटतंय. पायासूप.

---

निळी_शाई

थोडा मिठाचा खडा टाकते. कीटनची 'द प्लेहाउस' (१९२१) कोणीतरी घेणारच म्हणून आधीच. नाटकघर, वाद्यवृंद कीटन, स्टेजवर कीटन, बाल्कनीतली म्हातारी कीटन, तिचा नवरा कीटन, लॉलीपॉप चोखणारं पोर कीटन. कार्यक्रमपत्रिकेत खालपासून वरपर्यंत एकच नाव आणि एक प्रेक्षक म्हणतो, हा कीटन म्हणजेच अख्खा खेळ दिसतोय. कॅमेऱ्यावर झडपांची पेटी लावायची, पट्टीपुरती उघडायची, फिल्म मागे गुंडाळायची, पुढची पट्टी उघडायची, असं एका रांगेत नऊ कीटन. आणि एल्जिन लेस्ली हा कॅमेरामन हाताने हँडल मारणारा, नऊही वेळा वेग सारखा! आजही अंगावर काटा येतो.

पण त्याच फिल्ममध्ये तोंडाला काळं फासून कृष्णवर्णीयांची टिंगल करणारा मिन्स्ट्रेल शो आहे, आणि तिथे माझं हसू थांबतं. या जमान्यातल्या बऱ्याच फिल्मांत असं काहीतरी निघतंच. पोरांना दाखवणार असाल तर आधी स्वतः बघा एवढंच.

---

दोन_रिळं_पुरे

निळी शाई, बरोबर. मी भाचीला दाखवताना तो भाग आल्यावर थांबवून तिला सांगितलं हे काय आहे ते. ती म्हणाली मग त्यांनी ते का केलं. आजीचाच प्रश्न की.

---

वाघोबा_पुणेरी

आपल्या दादासाहेब फाळक्यांचं कोणीच काढलं नाही? मराठी संस्थळ ना हे?

'राजा हरिश्चंद्र' १९१३. त्याच्या पुढच्या 'मोहिनी भस्मासुर'सोबत 'पिठाचे पंजे' नावाची छोटी विनोदी फिल्म दाखवायचे. आज ती उपलब्ध नाही, नाव तेवढं उरलंय, आणि नावच इतकं भारी आहे की मी कधीकधी नुसतं म्हणतो. पिठाचे पंजे. मग 'आगकाड्यांची मौज', काड्यापेटीतल्या काड्या एकेक फ्रेम सरकवून हलवलेल्या. आणि स्वतः फाळके मुळात जादूगार, स्टेजवर नाव घ्यायचे प्रोफेसर केळफा! फाळके उलटं वाचा. केळफाच्या जादूची फिल्म पण काढली. मेलिएसही जादूगार. डोकं उडवायला आधी जादूगारच लागतो बहुतेक.

---

पन्हाळ्याची_पोर

केळफा :D म्हणजे नाव पण भिंतीच्या फिल्मसारखं उलटं फिरवलेलं. वाघोबा, हे माहीतच नव्हतं.

---

आडगावचा_शहाणा

मराठीचंच काढायचं तर ज्ञानोबांचं ते काट्याच्या अणीवरचं कूट आठवा. तीन गावं, त्यातलं जे वसलंच नाही तिथे कुंभार आले, ज्याला हातच नाहीत त्याने मडकी घडवली, जे भाजलंच नाही त्यात मूग शिजवले. एकेक पायरी पुढच्या पायरीला बरोबर बसते आणि पहिलीच हवेत आहे. 'वन वीक'चं घर.

---

तिरसट_काका

ज्ञानेश्वरांना कुठे नेऊन बसवलंत. त्याला आध्यात्मिक अर्थ आहे.

---

आडगावचा_शहाणा

असेल काका. पण लहानपणी आम्ही आधी हसलो, अर्थ नंतर कळला. तोही नीट नाही कळलेला.

---

म्युनिकवासी_मराठा

चार्ली बॉवर्स कोणालाच माहीत नाही का? हा खरा पिसाट माणूस. आधी कार्टून काढायचा, मग १९२६पासून दोन रिळांच्या कॉमेड्या, ज्यात तो स्वतः आणि त्याच्या बाहुल्या एकेक फ्रेम हलवून. 'एग्ड ऑन' मध्ये तो अंडी फुटू नयेत म्हणून यंत्र शोधतो, भलंमोठं, खटर-पटर. मग अंडी मोटारीच्या बॉनेटखाली ठेवतो. इंजिनाची ऊब लागते. अंडी उबतात आणि त्यातून छोट्या छोट्या फोर्ड गाड्या बाहेर येतात! अंग झटकतात, चाकं पसरतात आणि मोठ्या गाडीच्या पोटाखाली जाऊन बसतात, कोंबडीची पिल्लं जातात तशा.

दुसऱ्या एकीत थापाड्यांचा क्लब आहे, प्रत्येक जण थाप मारतो, आणि हा सांगतो मी कलम करायचं औषध शोधलं. एका घरात उंदीर फार (उंदीरभाऊ, माफ करा), तर हा झाडाच्या फांदीवर मांजरं पिकवतो. फांदीला कळी येते, कळी फुगते, शेपूट येतं. आणि उंदीर साधासुधा नाही, पिस्तूल घेऊन फिरतो.

आणि हा माणूस पार विसरला गेला होता. फ्रान्समध्ये याच्या फिल्मा 'ब्रिकोलो' या नावाने लागायच्या. पुढे तुलूझच्या फिल्म संग्रहालयाच्या रेमाँ बोर्दला जुनी रिळं मिळाली त्यावर फक्त 'ब्रिकोलो', आणि हा ब्रिकोलो कोण ते शोधता शोधता बॉवर्स सापडला.

---

रिळातला_उंदीर

बॉवर्स नव्हता माहीत! रात्री तीनपर्यंत जागून सगळं पाहिलं. गाड्या पोटाखाली जातात तिथे मी दोनदा मागे नेलं. पिस्तूलवाल्या उंदराचा मी आयडीबंधू म्हणून सत्कार करतो.

एक सूचना, नवीन बघणाऱ्यांसाठी. यूट्यूबवर एकाच फिल्मच्या चार-पाच कॉप्या असतात, त्यातल्या निम्म्या चुकीच्या वेगाने आणि खाली कसलंतरी टँव टँव संगीत. सगळं नुसतं धावतंय असं वाटलं तर दुसरी कॉपी शोधा. 'पॉनशॉप'चा तो गिऱ्हाईक नीट वेगाने बघितला तरच त्याचं ते निमूट थांबणं दिसतं.

---

कोकणकडा_७७

थांबण्यावरून, लॉरेल-हार्डीची १९२९ची 'बिग बिझनेस' बघा मग. भर उन्हात कॅलिफोर्नियात दारोदार ख्रिसमसची झाडं विकतायत. जेम्स फिनलेसनला नको असतं झाड. बाचाबाची, तो यांचं झाड कापतो, हे त्याच्या दाराची वाट लावतात, तो यांची गाडी मोडतो, हे त्याचं घर. पण पाळीपाळीने! एक जण मोडत असताना दुसरा मध्ये पडत नाही, शांत उभा राहून बघतो, मग आपली पाळी. रांगेची शिस्त. बघ्यांची गर्दी, ती एकदा घराकडे बघायला जाते, एकदा गाडीकडे, टेनिस बघितल्यासारखी.

आणि पोलीस येतो. गाडीत बसून सगळं बघतो. आणि काय करतो ओळखा.

---

पन्हाळ्याची_पोर

वही काढतो???

---

कोकणकडा_७७

वही काढतो. पियानो फोडला, लिहून घेतलं. खिडकी फोडली, लिहून घेतलं.

---

दोन_रिळं_पुरे

१९०० ते १९२९, एकच वही!! हेपवर्थचा पोलीस रिटायर होऊन याला चार्ज देऊन गेला असणार.

---

रिळातला_उंदीर

अपडेट. कालच कराडला होतो, आजीला 'बिग बिझनेस' दाखवली. झाडं कापतात तेव्हा चुकचुकली. घर मोडायला लागले तेव्हा "वेडे आहेत का" म्हणाली. आणि पोलिसाने वही काढल्यावर एकदम मोठ्याने हसली, पदर तोंडाला लावून, डोळ्यातून पाणी, "पंचनामा करतोय मेला, पंचनामा!"

मग तिने जे सांगितलं ते आमच्या घरात कोणालाच माहीत नव्हतं, बाबांनासुद्धा. आजोबांचं खोकं एकदा फुटलं होतं. दुरुस्तीला आलेली सात-आठ घड्याळं गेली. हवालदार आला, स्टूलवर बसला, वही काढली आणि म्हणाला एकेक घड्याळ दाखवा. आजोबांनी दाखवली. त्याने मेक, रंग, पट्टा, काटे कुठे थांबलेत, सगळं दोन तास बसून लिहिलं. म्हणजे जी चोरीला गेली नव्हती त्यांची यादी. गेलेली कशी लिहिणार, ती समोर नव्हती ना. आजोबांची खाली सही घेतली, एक प्रत त्यांना दिली, चहा पिऊन गेला.

मी विचारलं, आजोबा काही बोलले नाहीत? म्हणाली, "काय बोलणार, इतकं नीट लिहीत होता."

---

सांगलीकर_बंड्या

मेलो. ती यादी आहे का अजून? फोटो टाक!!

---

तिरसट_काका

यादी बघायला आवडेल.

---

रिळातला_उंदीर

काका पण! शोधतोय. ट्रंकेत आहे म्हणे. ट्रंकेला कुलूप आहे, किल्ली कुठे विचारलं तर आजी म्हणते हरवू नये म्हणून ट्रंकेतच ठेवलीय.